गुऱ्हाळाचा दुवा निळा झाला, पण उणे तीनचं काय?

झाला एकदाचा निळा! मागच्या वेळी मराठी विकिपीडियावरच्या माझ्या लेखाचं रडगाणं गायलो होतो ते आठवत असेल. ‘गुऱ्हाळ’ लेख धूळपाटीवरून (कच्च्या पानावरून) मुख्य नामविश्वात, म्हणजे खऱ्या लेखांत गेला, शोधात सापडतो, वर्गातही (विषयवार यादीत) दिसतो, आणि गुळाच्या जुन्या लेखातला दुवा मात्र लालभडक, म्हणजे असा लेखच नाही. टिचकी मारली की नवीन लेख तयार करा म्हणतंय. अरे, केलाय की राव!

कॅशे रिकामी केली, ब्राउझर बदलला, वर्ग काढून परत लावला. ढिम्म. शेवटी वैतागून तो शब्द खोडला आणि तोच परत टंकून जतन केला. निळा! पानाच्या इतिहासात बघतो तर बदल: −३ बाइट. फरक उघडला, तर दोन्ही बाजूंना ‘गुऱ्हाळ’. काना, मात्रा, वेलांटी, सगळं सारखं. मग तीन बाइट गेले कुठं?

चावडीवर (विकीच्या चर्चापानावर) विचारलं, तर एका जुन्या जाणत्या सदस्याचं एका ओळीत उत्तर: ‘झेडडब्ल्यूजे बघा.’ तिथं गाठ सुटली. आपला ऱ्ह दोन तऱ्हांनी टंकता येतो. एक, ऱ, हलन्त, ह. दुसरा, साधा र, हलन्त, मग न दिसणारं जोडचिन्ह (तेच झेडडब्ल्यूजे), मग ह. पडद्यावर दोन्ही जुळे भाऊ, पण विकीच्या लेखी दोन वेगळी शीर्षकं. त्या जोडचिन्हाचेच तीन बाइट. मराठी विकी २००३ पासून चालू आहे, तेव्हापासून ज्याच्या हाताला जो कीबोर्ड लागला त्यानं तसं लिहिलं. म्हणून माझं मत पक्कं झालंय: इनस्क्रिप्ट कीबोर्ड शिका. शिफ्ट धरून जे दाबला की थेट ऱ, विषय संपला. फोनवरच्या उच्चारावर चालणाऱ्या कीबोर्डांचा मला भरवसा नाही.

बाकी लेख बरा चाललाय. कोल्हापुरी गुळाला २०१४ मध्ये भौगोलिक मानांकन मिळालं, ते वाक्य संदर्भासकट टिकलं. भेंडीचं पाणी घालून रसातली मळी वर काढायची पद्धत प्रादेशिक ऊस व गूळ संशोधन केंद्राच्या पुस्तिकेत सापडली, त्यामुळं तिथला ‘संदर्भ हवा’ हा शेरा गेला. लई भारी वाटलं! गुळव्या, म्हणजे गूळ शिजवणारा कारागीर, पाकाचा थेंब गार पाण्यात टाकून गोळी वळते का बघतो, त्याला मात्र अजून छापील आधार नाही. आमच्या गावच्या गुळव्यानं तोंडी सांगितलेलं विकीवर चालत नाही. नियम बरोबर आहे, पण जीव तुटतो.

आता असे जुने दुवे एकेक करून हातानं दुरुस्त करायचे असं ठरवलं होतं. हे लिहिता लिहिता वाटतंय, कशाला? लाल शीर्षकाच्या पानावर ‘येथे काय जोडले आहे’ उघडायचं, दुवे येत असतील तर तिथंच #पुनर्निर्देशन, म्हणजे खऱ्या लेखाकडे आपोआप वळवणारी ओळ, टाकायचं. एका फटक्यात सगळे निळे, आणि जुन्या पद्धतीनं टंकून शोधणाराही योग्य पानावर पोचतो. काहिलीचे (रस उकळायच्या मोठ्या कढईचे) फोटो हंगाम सुरू झाल्यावर कॉमन्सवर, विकीच्या फोटोसाठ्यात, चढवीन, तोवर हेच काम. मी कऱ्हाडपासून सुरू करतोय. वऱ्हाड आणि कऱ्हा नदी कुणी घेणार असाल तर आधी सांगा, नाहीतर दोघं एकच पान धरून बसू.