‘एका फेक आयडीनं टाकलं’: फिर्यादीतल्या एका वाक्याचं कन्नड करताना

बेळगावात मराठी कागदांचं कन्नड करून देणाऱ्याच्या टेबलावर पूर्वी ठरलेला माल यायचा. खरेदीखत, वाटणीपत्र, मृत्युपत्र, कधी मोडीतून देवनागरीत उतरवलेला जुना कागद. भाषा जड, पण बांधीव. ‘चतुःसीमा’, ‘वहिवाट’, ‘लिहून देणार’ यांना कन्नडमध्ये काय लिहायचं हे फार पूर्वीच ठरून गेलंय. आता निम्मा माल मोबाइलमधून येतो. स्क्रीनशॉटच्या रंगीत प्रिंट, व्हॉइस नोट ऐकून उतरवलेला मजकूर, ग्रुपवरची भांडणं. यातले शब्द सगळ्यांना कळतात. कोर्टाच्या कागदावर उतरवायला बसलं की मात्र त्यांच्या आत काय काय दडलंय ते दिसायला लागतं.

हे प्रकरण खानापूर तालुक्यातल्या एका दूध संकलन केंद्राचं. ओळख पटू नये म्हणून धंदा आणि बारीकसारीक तपशील बदललेत. केंद्र चालवणारे मामा दुधात पाणी घालतात, असा मजकूर गावच्या व्हॉट्सॲप ग्रुपवर आला. तिथून फेसबुकवर गेला, मग एका स्थानिक चॅनलवाल्यानं त्यावर व्हिडिओ केला. वकीलसाहेबांनी बदनामीची खाजगी फिर्याद करायचं ठरवलं. भारतीय न्याय संहितेत बदनामी कलम ३५६ मध्ये येते. हा गुन्हा अदखलपात्र, म्हणजे पोलीस स्वतःहून तपासाला घेत नाहीत असा, त्यामुळे फिर्याद थेट मॅजिस्ट्रेटसमोर न्यावी लागते. मामांचं म्हणणं मराठीत लिहून घेतलं होतं, फाइल कन्नडमध्ये जायची होती. बाकीची पानं जेवणाआधी झाली. दुपार खाल्ली ती या एका वाक्यानं:

“ग्रुपवर एका फेक आयडीनं ते टाकलं, ॲडमिननं ते ठेवलं आणि मग नेटकऱ्यांनी मला ट्रोल केलं.”

मराठी वाचणारा यात कुठंच अडखळणार नाही. कन्नड टाइप करणारी बाई पहिल्या तुकड्यालाच थांबली आणि विचारलं, “सर, अवनो, अवळो री?” तो की ती?

प्रश्न बिनतोड होता. मराठीत भूतकाळातलं सकर्मक क्रियापद कर्त्याकडे बघतच नाही. ‘त्यानं टाकलं’, ‘तिनं टाकलं’, ‘आयडीनं टाकलं’. ‘टाकलं’ जागचं हलत नाही, कारण ते ‘ते’शी, म्हणजे टाकलेल्या मजकुराशी जुळतं. त्यामुळे मराठीत न बघितलेल्या माणसाबद्दल लिंग न सांगता आरामात बोलता येतं. कन्नडमध्ये क्रियापद कर्त्याचं ऐकतं. पुरुष असेल तर हाकिदनु, बाई असेल तर हाकिदळु, आदरार्थी किंवा अनेक असतील तर हाकिदरु, आणि वस्तू किंवा जनावर असेल तर हाकितु. व्याकरणानं जायचं तर आयडी ही वस्तू, म्हणून हाकितु. पण तसं लिहिलं की यंत्रानं आपोआप काहीतरी केलं असा वास येतो. हाकिदनु लिहिलं तर मजकूर टाकणारा पुरुष आहे असं मामांनी शपथेवर सांगितल्यासारखं होतं. ते त्यांनी सांगितलेलंच नाही. उलटतपासणीत पहिला प्रश्न तोच येणार: पुरुष आहे हे तुम्हाला कसं कळलं? हाकिदरु सुरक्षित वाटतं, पण त्यात एकजण की टोळी हा घोळ राहतो.

मुळात ‘आयडी’ माणूस झाला कधी? इंटरनेटवरच्या जुन्या मराठी मंडळींत ही बोली मुरलेली आहे. मायबोली हे मराठी संकेतस्थळ १९९६ पासून आहे. तिथं ‘हा आयडी नेहमी वाद घालतो’, ‘आयडी उडवला’, ‘ड्युआयडी’ (त्याच माणसाचा दुसरा, डुप्लिकेट आयडी) हे सगळं वर्षानुवर्षं चालत आलंय. टोपणनावानं लिहिणाऱ्याचं खरं नाव माहीत नसेल तर त्याला दुसरं म्हणणार काय? खानापूर-चंदगडकडच्या गावांत मात्र हा शब्द तिथून आलेला नाही. तो फेसबुकवरच्या ‘फेक आयडी’तून आला, आणि आल्या आल्या हातपाय फुटून चालायला लागला. ‘ती फेक आयडी आमच्याच गल्लीतली हाय’ असं लोक सहज बोलतात. खात्याला गल्ली असते, जात असते, पक्षही असतो. कुणी ‘तो आयडी’ म्हणतं, कुणी ‘ती आयडी’. त्यावरून मागचा माणूस पुरुष की बाई हे ठरवायला गेलात तर फसाल.

बोलताना यानं काही बिघडत नाही. फिर्यादीत मात्र खातं आणि माणूस यांच्यामधली जागा हाच सगळा खटला असतो. खातं दिसतं, माणूस शाबीत करावा लागतो. ‘एका आयडीनं टाकलं’ म्हटलं की ती जागा बोलण्याबोलण्यात बुजून जाते.

म्हणून आधी स्क्रीनशॉट काढून बघितले. व्हॉट्सॲपचं खातं मोबाइल नंबरवरच उघडतं, त्यामुळे फेसबुकसारखा ‘फेक आयडी’ तिथं सरळ लागू होत नाही. मामांच्या फोनमध्ये तो नंबर सेव्ह नव्हता. अशा वेळी ग्रुपमध्ये नंबरासोबत आधी एक नागमोडी रेघ आणि मग समोरच्यानं स्वतःच ठेवलेलं नाव दिसतं. इथं रेघेपुढं ‘वाघ’ एवढंच होतं. उलट सेव्ह केलेला नंबर असला की फोनच्या मालकानं दिलेलं नाव उमटतं, मग ते ‘पप्पू ट्रॅक्टर’ का असेना. चॅट एक्स्पोर्ट करून काढलेल्या मजकुराच्या फाइलमध्येही तेच नाव येतं, नंबर येत नाही. प्रिंट घेताना त्या माणसाची नंबर दाखवणारी माहितीही सोबत घ्या, असं सांगावं लागतं ते यासाठी. शिवाय १ जुलै २०२४ पासून इलेक्ट्रॉनिक पुराव्याला भारतीय साक्ष्य अधिनियमाच्या कलम ६३ खालचं प्रमाणपत्र जोडावं लागतं. त्याचे दोन भाग: एक फोन ज्याच्या ताब्यात आहे त्याचा, दुसरा तज्ज्ञाचा, आणि दोन्हींत फाइलची हॅश किंमत, म्हणजे मजकुरावरून काढलेला तिचा अंगठ्यासारखा ठसा, लिहायची. फोन मध्येच बदलला किंवा चॅट पुसलं गेलं, तर नुसत्या रंगीत प्रिंटवर फार भिस्त ठेवता येत नाही.

त्याच स्क्रीनशॉटवर मजकुराच्या डोक्यावर एक बाण आणि ‘फॉरवर्डेड’ असा शिक्का होता. हा शिक्का व्हॉट्सॲपनं २०१८ मध्ये आणला. एक बाण म्हणजे दुसरीकडून आलेला मजकूर पुढं ढकलला. दोन बाण म्हणजे मूळ पाठवणाऱ्यापासून पाच किंवा जास्त हातांतून फिरलेला. म्हणजे हा ‘वाघ’ लिहिणारा असेलच असं नाही. मराठीतलं ‘टाकलं’ यातलं काहीच सांगत नाही. स्वतः लिहून टाकलं तेही टाकलं, फिरवलं तेही टाकलं. गंमत अशी की कन्नडमधलं हाकु हेही अगदी तसंच. पोस्ट हाकु, फोटो हाकु. शब्दाला शब्द ठेवला असता तर भाषांतर चोख झालं असतं आणि घोळ जसाच्या तसा पलीकडे गेला असता. फॉरवर्डसाठी कन्नडमध्ये रवानिसु चालतं. ते आपल्या ‘रवाना’चंच भावंड, त्यामुळे मराठी पक्षकारालाही कानाला ओळखीचं लागतं.

शेवटी कर्ताच बदलला. मजकुराला कर्ता केलं: अमुक नंबराच्या ‘व्हॉट्सॲप खातेयिंद’, म्हणजे खात्यावरून, संदेश रवाना झाला. संदेश ही वस्तू, तिला निर्जीव क्रियापद शोभतं, आणि तो की ती हा प्रश्न उरत नाही. यात एकच खबरदारी. नुसतं ‘खाते’ लिहू नये. इथल्या कचेऱ्यांत खाते म्हटलं की जमिनीचं नाहीतर बँकेचं, आणि घाईत वाचणारा कारकून तिकडेच वळतो. दरवेळी ‘व्हॉट्सॲप खाते’ असं पूर्ण लिहायचं.

दुसरा तुकडा वरवर सोपा: ‘ॲडमिननं ते ठेवलं’. ॲडमिन हा शब्द गावात सरपंचाइतका रुळलाय. ‘ॲडमिनला सांग’, ‘ॲडमिन लोकं झोपलेत काय’, लग्नपत्रिकेवर सौजन्य म्हणून ग्रुपच्या ॲडमिनचं नाव, सगळं बघितलंय. त्याला कन्नड प्रतिशब्द शोधण्यात अर्थ नाही. तिथंही ॲडमिनच म्हणतात. अडचण ‘ठेवलं’ची. ‘स्टेटसला ठेवलं’ म्हणजे स्वतः लावलं. ‘ग्रुपवर ठेवलं’ म्हणजे लावलं, की काढलं नाही? कन्नडमधल्या इडु या क्रियापदातही हे दोन्ही अर्थ बसतात. कायद्यानं बघितलं तर दोहोंत जमीन-अस्मानाचा फरक. सदस्यानं टाकलेल्या मजकुराबद्दल, समान इराद्याचा पुरावा नसताना, केवळ ॲडमिन आहे म्हणून कुणाला जबाबदार धरता येत नाही असं मुंबई उच्च न्यायालयाच्या नागपूर खंडपीठानं २०२१ मध्ये म्हटलं. केरळ उच्च न्यायालयानंही २०२२ मध्ये तसाच निर्णय दिला. ॲडमिननं स्वतः लावलं असेल तर गोष्ट वेगळी.

भाषांतर करणाऱ्यानं असा अर्थ आपल्या मनानं ठरवायचा नसतो. वकीलसाहेबांमार्फत मामांना फोन लावला. “काढला न्हाई की ओ त्यानं, सकाळपतोर तसंच. सांगून सांगून थकलो,” मामा म्हणाले. २०२२ पासून ॲडमिनला इतरांचा मेसेज सगळ्यांसाठी पुसता येतो, आणि पुसला तर ॲडमिननं पुसल्याची ओळ मागं राहते. एक्स्पोर्टमध्ये अशी ओळ नव्हती. तेव्हा कन्नडमध्ये ‘अळिसदे हागेये बिट्टरु’, न पुसता तसंच सोडलं. वकीलसाहेबांनी ते वाचून ॲडमिनला आरोपीऐवजी साक्षीदार करता येईल का याचा विचार सुरू केला. तो त्यांचा प्रांत.

नेटकऱ्यांचं काम झटक्यात झालं. शेतकरी, गावकरी, वारकरी यांच्या पंक्तीत मराठीनं नेटकरी बसवला. कन्नड वर्तमानपत्रांनी कन्नडिग, ओक्कलिग यांच्या धर्तीवर नेट्टिग केला. सीमेच्या दोन्ही बाजूंना आपापला घरचा प्रत्यय लावून एकच युक्ती. नेटकऱ्यांनीला नेट्टिगरु, प्रश्न मिटला. पण हा शब्द मामांचा नव्हे. चहाच्या टपरीवर ‘नेटकरी काय म्हणायलेत?’ असं कुणी विचारत नाही. तिथं ‘पोरं’, ‘लोकं’, फार तर ‘ते फेसबुकवाले’. नेटकरी छापून येतो, तोंडात येत नाही. आयडीचं बरोबर उलटं: सगळ्यांच्या तोंडी, पण बातमीत क्वचित. मामांनी नेटकरी उचलला तो सोबत जोडलेल्या बातमीच्या कात्रणातून.

त्या कात्रणात, वेबसाइटवरून घेतलेल्या प्रिंटमध्ये, तो ‘नेटकर्यांनी’ असा होता. जुन्या फॉन्टमधला मजकूर युनिकोडमध्ये बदलताना ऱ्य चा र्य होतो, म्हणजे दऱ्यांचा दर्या. माणूस वाचून घेतो, पण फाइलमध्ये शोध लावला की दोन रूपं एकमेकांना सापडत नाहीत. ‘ॲडमिन’चंही तेच: ॲ हे एक अक्षर म्हणूनही टाइप होतं आणि अ वर चंद्र देऊनही; दिसायला सारखं, आतून वेगळं. कन्नड लिपीत तो आवाज दाखवायला आ ला य जोडतात, कुणी नुसता अ लिहितं. एका फाइलमध्ये एकच रूप ठेवायचं, पहिल्या पानावरच ठरवून.

‘ट्रोल केलं’ मात्र तसं सोडता येत नाही. मराठी पत्रकारांनी या शब्दाशी भरपूर खेळ केलाय. टोळधाडीवरून ट्रोलधाड, टोळभैरवावरून ट्रोलभैरव. मला दुसरा जास्त आवडतो. फिर्यादीत यातलं काही चालत नाही. न्याय संहितेत ट्रोल नावाचा गुन्हा नाही. हसण्याचे इमोजी टाकणं, पाण्याच्या टँकरवर मामांचा चेहरा चिकटवणं आणि ‘ह्याला गावातून हाकला’ लिहिणं, या तीन वेगळ्या गोष्टी, आणि वजनही तिघींचं वेगळं. म्हणून ‘ट्रोल माडिदरु’ लिहून पुढं प्रत्येक कमेंटचा तपशील घ्यावा लागला: मूळ मराठी, तेच कन्नड लिपीत, मग कन्नड अर्थ, असे तीन रकाने. ज्यानं मूळ वाचलं नाही त्यालाही कोणता शब्द कुठून आला ते दाखवता यावं, एवढ्यासाठी मधला रकाना.

संध्याकाळी मामा सहीला आले. सही घेण्याआधी कन्नड मजकूर मराठीत तोंडी सांगायची पद्धत आहे, आणि ती कधी चुकवू नये. आयडीच्या वाक्याला सांगितलं, “एका व्हॉट्सॲप खात्यावरून संदेश आला, त्याचा वापरकर्ता मला माहीत नाही.”

मामांनी मान वर केली. “वापरकर्ता कोण आणि? हा नवा माणूस कुठनं घातलासा?”

“नवा नाही मामा. तुमचा आयडीच तो.”

“मग आयडीच लिवा की. मी कोर्टात वापरकर्ता म्हणणार न्हाई. विचारलं तर आयडी म्हणूनच सांगणार.”

मामांचं म्हणणं रास्त होतं. साक्षीला उभं राहिल्यावर त्यांच्या तोंडून आयडीच येणार, आणि फिर्यादीत तो शब्द नसला तर समोरचे वकील तेवढंच धरून बसणार. ‘व्हॉट्सॲप खातेयिंद’च्या पुढं अवतरणचिन्हांत, कन्नड लिपीत, ‘फेक ऐडि’ घातलं. फिर्यादीच्या बोलण्यातला शब्द, अशी टीप त्याला जोडली. टाइप करणाऱ्या बाईंनी पान पुन्हा काढलं. मामांनी त्यावर मराठीत सही केली.