आधी उजेडाचा बाण काढा

गावात आलो की पहिला प्रश्न ठरलेला, "खंयची हिरोईन बघलंस रे?" मग मी डीओपी म्हणजे काय (सिनेमाचा कॅमेरा आणि उजेड सांभाळणारा) ते सांगायला जातो तोवर समोरच्याचा चहा संपलेला असतो. म्हणून इथे लिहितो, स्मरणिका काय सगळेच उघडतात, निदान स्वतःचा फोटो शोधायला तरी.

आमचा ड्रॉइंगचा तास जुन्या इमारतीत व्हायचा, जांभ्याच्या भिंती, मंगलोरी कौलं आणि मध्येच एक काचेचं कौल. दुपारी त्यातून उन्हाचा पट्टा खाली यायचा नि सर मुद्दाम त्यात डस्टर झटकायचे, खडूची पूड उडाली की पट्टा एकदम जाडजूड दिसायचा. मडकं काढायच्या आधी उजेड कुठून येतोय त्याचा बाण काढा म्हणायचे, आणि मार्कसुद्धा त्या बाणालाच!

पुढचं थोडक्यात सांगतो. मालवणात लग्नाची शूटिंगं, मग मुंबईत कॅमेरा अटेंडंट, लेन्सच्या पेट्या उचलत उचलत फोकस पुलर (शॉट चालू असताना चित्र धूसर होऊ न देणारा, हे काम बिघडलं तरच लोकांना दिसतं), काही शॉर्टफिल्म, आणि आता पहिला सिनेमा स्वतंत्रपणे केलाय.

सेटवर मी अजून आधी बाणच शोधतो. खिडकी, दार, समई, उजेड कुठला ते ठरेपर्यंत लाइटवाल्या दादांना बसवून ठेवतो, ते वैतागतात. सत्यजित रे यांचे कॅमेरामन सुब्रत मित्र, त्यांनी १९५६ च्या 'अपराजितो'साठी काशीच्या घराचा चौक स्टुडिओत लावला तेव्हा वर पांढरं कापड ताणलं आणि लाइट खालून त्यावर मारून परतवला, आभाळाचा मऊ उजेड तसाच उतरला. आम्ही आज थर्माकोल धरतो ते त्याच वाटेने.

आपल्याकडे तर थर्माकोलही नको, दुपारचं ऊन जांभ्यावर आपटून तांबूस होऊन चेहऱ्यावर येतं. कलरिस्ट, म्हणजे शूटनंतर सिनेमाचे रंग जुळवणारा, तो लाल काढायला बघतो, मी हात धरतो. माजघराचंही तेच, दाराबाहेर ५६०० केल्विनचा दिवस (केल्विन म्हणजे उजेडाच्या रंगाचं माप, आकडा जितका खाली तितका उजेड पिवळा) आणि आत पिवळा बल्ब, तो ३२०० च्याही खाली. जेल, म्हणजे रंगीत पारदर्शक कागद, लावून दोन्ही सारखे करता येतात पण मी करत नाही, आपल्या घरात दिवसा काळोख असतोच की! एका निर्मात्याने यावरून कटकट केली, कोकण आहे तर हिरवंगार दिसू दे, ड्रोन उडव, नारळ घे. घेतले नारळ, पण म्हातारी चुलीपुढे बसलेली तो शॉट निम्मा काळाच ठेवला. आमच्या आयेने मॉनिटर बघून विचारलंन, "इतक्या काळोखात काय दिसतला?" आणि मग स्वतःच म्हणाली, "हां, ती रडता हा."

पावसात लेन्सला बुरशी धरते, पेटीत सिलिका जेलच्या पुड्या भरून ठेवाव्या लागतात, ते वेगळंच दुखणं.

पुढचं शूट श्रावणात आहे. कोणाकडे अजून मातीच्या भिंतींचं माजघर शिल्लक असेल तर कळवा, भाडं देऊ, फक्त आम्ही यायच्या आधी पाहुणे येणार म्हणून पांढरा ऑइलपेंट मारू नका.