तुम्ही विचारलेत म्हणून : सगळ्यांना एकच रिमोट

टीपॉयवर एकच रिमोट पाहून पाहुणे हमखास विचारतात, की टीव्ही, सेट-टॉप बॉक्स, साउंडबार आणि एसी या सगळ्यांना हा पुरतो कसा, आणि घ्यायचा झाला तर कोणता घ्यावा. माझे उत्तर असे, की दुकानात जाण्याआधी घरातले जुने रिमोट तपासावेत. मोबाइलच्या पुढच्या कॅमेऱ्यासमोर रिमोट धरून बटण दाबल्यावर त्याच्या टोकाचा दिवा पडद्यावर जांभळट लुकलुकताना दिसला, तर तो इन्फ्रारेडवर, म्हणजे डोळ्यांना न दिसणाऱ्या प्रकाशावर चालतो आणि त्याच्या संकेतांची नक्कल दुसऱ्या रिमोटला बहुधा करता येते. टीव्हीला जोडायच्या फायर टीव्ही स्टिकच्या रिमोटची आवाजाची बटणे टीव्हीकडे इन्फ्रारेड सोडतात, मात्र बाणांची बटणे ब्लूटूथवर चालतात आणि त्यांची अशी नक्कल होत नाही. म्हणून तो रिमोट मी बाजूला ठेवलेला नाही.

कंपनीनिहाय कोड टाकून चालणारे रिमोट स्वस्त असतात, पण यादीत आपला टीव्ही नसला की सगळे अडते. त्यापेक्षा जुन्या रिमोटसमोर धरून एकेक बटण ‘शिकवता’ येणारा रिमोट घ्यावा, असे माझे स्पष्ट मत आहे.

खरी मेख एसीत आहे. टीव्हीचा रिमोट ‘आवाज वाढव’ एवढेच सांगतो; एसीचा रिमोट मात्र कोणतेही बटण दाबले तरी बहुधा तापमान, मोड आणि पंख्याचा वेग अशी संपूर्ण स्थिती एकदम पाठवतो. त्यामुळे ‘तापमान वाढव’ हे बटण २४ वर असताना शिकवले, तर ते पुढे कितीही वेळा दाबले तरी एसी २५ वरच थांबतो. मी म्हणून तीनच बटणे शिकवली आहेत : कूलवर २४, मंद पंख्यासह २६ आणि बंद. घरातल्या वडीलधाऱ्यांना, खरे सांगायचे तर, तेवढीच हवी होती.

एकाच बटणाने टीव्ही आणि बॉक्स दोन्ही चालू करण्याची सोय मोहात पाडते. परंतु बहुतेक यंत्रांना चालू आणि बंद यांसाठी एकच संकेत असल्याने, आधीच चालू असलेले यंत्र त्या बटणाने बंद होते. ती सोय मी वापरत नाही.

लॉजिटेक कंपनीने २०२१ मध्ये हार्मनी या, अनेक यंत्रांना एकच असलेल्या आणि ॲपवरून जुळवायच्या रिमोटचे उत्पादन थांबवले, तेव्हापासून ॲपवर विसंबणाऱ्या रिमोटपेक्षा स्वतःच्या स्मृतीत सगळे साठवणारा साधा रिमोट मला अधिक भरवशाचा वाटतो. घेताना दुकानातच एक बटण शिकवून, सेल काढून, थोड्या वेळाने परत घालून ते चालते का, एवढे मात्र पाहावे.