तळव्यांवरच्या जखमा

खुनाच्या अपिलाचं पेपरबुक, म्हणजे खटल्याच्या कागदपत्रांचं बाड, हातात आलं की मी निकालपत्र सगळ्यात शेवटी वाचते. आधी फिर्याद, मग साक्षी, मग शवविच्छेदन अहवाल. निकाल आधी वाचला की पुरावा सत्र न्यायाधीशांच्याच नजरेनं दिसायला लागतो. नागपूर खंडपीठात मोफत कायदेशीर मदत देणाऱ्या विधी सेवा उपसमितीकडून आलेल्या या अपिलातही तेच केलं. माझा अशील आरोपी क्रमांक दोन. त्याचा चुलतभाऊ आरोपी क्रमांक एक, त्याचे वकील वेगळे. दोघांनाही भारतीय दंड संहितेच्या कलम 302 (खून) सह 34 (समान इरादा) खाली जन्मठेप झालेली.

भांडण धुऱ्याचं, म्हणजे शेताच्या बांधाचं. पोळ्याच्या रात्री किराणा दुकानासमोर खून झाला. दुकानदार आणि शेजारी, दोघंही साक्षीत फितूर झाले. उरली एकच प्रत्यक्षदर्शी, मृताची बायको.

अशिलाचा भाऊ दर तारखेला सिव्हिल लाइन्सला यायचा आणि एकच मुद्दा लावून धरायचा. "मॅडम, पोळ्याची अमावस्या होती ना जी! अंधारात कोण कोणाले ओळखन?" मी त्याला स्पष्टच सांगितलं, हा मुद्दा चालणार नाही. घटनास्थळ पंचनाम्यात दुकानाबाहेरच्या चालू बल्बची नोंद होती. शिवाय लग्न होऊन गावात आल्यापासून त्या बाई या दोघांना रोज बघत होत्या. ओळखीचा माणूस चालण्यावरून, आवाजावरूनही कळतो. अनोळखी हल्लेखोर असता, ओळख परेड झाली नसती, तर अमावस्येला वजन आलं असतं.

माझं लक्ष दुसरीकडे होतं. त्या रात्री बाईंनी स्वतः ठाण्यात फिर्याद दिली, तीत नाव फक्त आरोपी एकचं. सुरा त्याच्या हातात, वार त्याचा. माझ्या अशिलाचा उल्लेखच नाही. तो आला थेट पोलिसांनी नंतर घेतलेल्या पुरवणी जबाबात, अंत्यसंस्कार उरकल्यानंतर, घरी नातेवाइकांची गर्दी असताना. "याने आधी माझ्या नवऱ्याचे दोन्ही हात मागून धरले, मग त्याने सुरा मारला." कोर्टातही त्यांनी हेच सांगितलं, याच क्रमानं.

हात धरल्याची खूण अंगावर राहतेच असं नाही, त्यामुळे असा आरोप खोडणं फार अवघड. इथे मात्र शवविच्छेदन अहवाल बोलत होता. छातीत एक खोल वार, आणि दोन्ही तळव्यांवर आडव्या कापल्याच्या जखमा. वार अडवताना, पातं पकडताना अशा जखमा होऊ शकतात, असं डॉक्टरांनी उलटतपासणीत मान्य केलं होतं. ज्याचे दोन्ही हात मागे जखडले आहेत, त्याचे तळवे पात्यावर कसे गेले?

सुनावणीला सरकारी वकिलांनी दलीपसिंग विरुद्ध पंजाब राज्य हा 1953 चा निकाल काढला. तो लिहिला न्या. विवियन बोस यांनी. सर्वोच्च न्यायालयात जाण्याआधी ते इथेच, नागपूर उच्च न्यायालयाचे मुख्य न्यायाधीश होते. जवळचा नातेवाईक खऱ्या गुन्हेगाराला सोडून निरपराध माणसाला सहसा गुंतवणार नाही, हे त्यातलं सूत्र. मला ते मनापासून पटतं. नवरा डोळ्यांसमोर गेलेल्या बाईला "हितसंबंधी साक्षीदार" म्हणून झटकून टाकणं मला कधीच जमलेलं नाही. पण त्याच परिच्छेदात पुढे बोस हेही सांगतात, की वैर पेटलेलं असतं तेव्हा गुन्हेगाराबरोबर एखाद्या निरपराध माणसालाही ओढण्याकडे कल असतो. मी तेवढाच भाग वाचला.

खंडपीठानं विचारलं, "आधी झटापट झाली आणि मग हात धरले, असं का नसेल?" प्रश्न रास्त होता. साक्षीपेक्षा वैद्यकीय पुरावा आपोआप वरचढ ठरत नाही. साक्षीतली गोष्ट घडणं शक्यच नाही, असं त्यातून दिसावं लागतं. मी म्हटलं, "क्रम साक्षीदारानंच सांगितलाय. आधी हात, मग वार, आणि वार एकच. झटापट तिच्या साक्षीत नाही. ती आपण घालायची तर सरकार पक्षाची कहाणी आपणच लिहिल्यासारखं होईल." मग मी वडिवेलू तेवर खटल्यातला सर्वोच्च न्यायालयाचा 1957 चा निकाल काढला. साक्षीदार पूर्ण विश्वासार्ह, पूर्ण अविश्वसनीय, किंवा या दोन्हींच्या मधला. मधला असेल तर महत्त्वाच्या तपशिलाला दुसरीकडून दुजोरा लागतो.

निकालात आरोपी एकचं अपील फेटाळलं. त्याच्याबाबत बाईंच्या शब्दाला त्याच रात्रीची फिर्याद आणि छातीतला वार यांचा दुजोरा होता. माझ्या अशिलाला संशयाचा फायदा मिळाला. बार रूममध्ये एकानं विचारलं, एकच बाई अर्धी खरी आणि अर्धी खोटी कशी? मला ती खोटी वाटतच नाही. तिनं जे पाहिलं ते त्या रात्री सांगितलं. नंतर दुःखात आणि नातेवाइकांच्या बोलण्यात जे मिसळलं, तेही तिला पाहिल्यासारखंच वाटत असणार. म्हणून तर पहिला शब्द कोणता आणि मागाहून आलेला कोणता, हे वेगळं काढावं लागतं.

संध्याकाळी मी सत्र न्यायालयात ही केस चालवलेल्या वकिलाला फोन केला. हात धरल्याचं फिर्यादीत का नाही, हे त्यानं बाईंना विचारलं होतं. त्यांनी "सांगितलं होतं, का लिहिलं नाही ते सांगता येत नाही" असं उत्तर दिल्यावर, फिर्याद नोंदवणाऱ्या अधिकाऱ्याकडून "असं सांगितलं नव्हतं" हेही वदवून घेतलं होतं. हे दुसरं टोक सुटलं असतं, तर हात धरल्याचं त्या रात्री सांगितलंच नव्हतं, हे सिद्धच झालं नसतं आणि अपिलात माझ्या हाती काही उरलं नसतं. मी त्याला हे सांगितलं. तो म्हणाला, "मॅडम, त्या अधिकाऱ्याची बदली झाली होती. त्याला परत बोलवायला दोन अर्ज करावे लागले."