‘अहंता’ वाचताना

‘अहंता’ हा शब्द मराठी माणसाच्या कानावर पडतो तो बहुधा मनाच्या श्लोकांतून. २०५ श्लोकांपैकी १६१वा:

अहंतागुणें सर्वही दुःख होतें। मुखें बोलिलें ज्ञान तें व्यर्थ जातें॥
सुखी राहतां सर्वही सूख आहे। अहंता तुझी तूंचि शोधूनि पाहें॥

इथे कुणी अडखळत नाही. अहंता म्हणजे गर्व, तो वाईट, तो सोडायचा. मग तोच वाचक काश्मिरी शैवांचा, म्हणजे शिवालाच परमतत्त्व मानणाऱ्या काश्मीरमधल्या संप्रदायाचा, एखादा ग्रंथ उघडतो आणि साधनेचं अंतिम फळ म्हणून ‘पूर्णाहंता’ समोर येते. लक्ष्मीतंत्र या वैष्णव ग्रंथात तर खुद्द लक्ष्मी इंद्राला सांगते की मी त्या परब्रह्माची अहंता आहे. ‘गर्व’ हा अर्थ तिथे लावला की वाक्यच उभं राहत नाही. या शब्दाबाबत होणारी बहुतेक गफलत मला एकाच गोष्टीतून आलेली दिसते: अहंता कशाला चिकटली आहे हे न पाहताच आपण तिला चांगली किंवा वाईट ठरवून टाकतो.

आधी शब्द कसा घडला ते पाहू, कारण घडणीत बरंच काही आहे. ‘तस्य भावस्त्वतलौ’ (पाणिनी ५.१.११९) या सूत्राने एखाद्या गोष्टीचा ‘भाव’, म्हणजे ती गोष्ट असण्याची स्थिती, सांगायला ‘त्व’ किंवा ‘तल्’ प्रत्यय लागतो. तल् चं रूप होतं ‘ता’. गुरु–गुरुता, लघु–लघुता, तसं अहम्–अहंता. पण इथे एक खटकतं. प्रत्यय लागायला हवा प्रातिपदिकाला, म्हणजे विभक्ती लागण्याआधीच्या मूळ शब्दाला, आणि ‘मी’चं प्रातिपदिक आहे ‘अस्मद्’. ‘अहम्’ हे त्याचं प्रथमा एकवचन, म्हणजे आधीच विभक्ती लागून तयार झालेलं रूप. तयार रूपाला पुन्हा भाववाचक प्रत्यय कसा? यावर वैयाकरणांचं उत्तर असं की इथला ‘अहम्’ सर्वनामाचं रूप नव्हे. तसं दिसणारं ते वेगळं अव्यय आहे. पाणिनीनेच (५.२.१४०) ‘अहंयु’ हा शब्द साधला आहे, आणि टीकाकार तिथे सांगतात की हा ‘अहम्’ अहंकार या अर्थाचा स्वतंत्र शब्द आहे. अहंयु म्हणजे गर्विष्ठ. तेव्हा गर्वाची छटा मराठीने मागाहून चिकटवली असं म्हणता येणार नाही, ती जुनीच आहे. मात्र तत्त्वज्ञानाच्या ग्रंथांत ‘अहंता’ येते तेव्हा ती बहुतेक वेळा प्रत्ययाच्या सरळ अर्थाने येते: ‘मी’ असण्याची स्थिती, बस्स.

‘ममता’ही अशीच, ‘मम’ या षष्ठीच्या रूपापासून. आणि ‘अस्मिता’ तर ‘अस्मि’ या क्रियापदापासून. तिन्ही बहिणींची घडण सारखीच बेशिस्त आहे, आणि तिघींचं मराठीत काय झालं हे पाहण्यासारखं आहे. ममता मूळची ‘माझेपणा’, बंधनाचं कारण. मराठीत ती आईच्या मायेचा शब्द झाली. अस्मिता योगसूत्रांत क्लेश आहे, म्हणजे माणसाला दुःखात अडकवणारा दोष. मराठीत ती जागवायची, जपायची गोष्ट झाली. अहंता मात्र बोलण्यातून गेली आणि पोथीत दोषाच्या अर्थाने थांबली.

तल् प्रत्ययाचा शब्द नेहमी स्त्रीलिंगी, त्व चा नपुंसकलिंगी. म्हणून ‘अहंत्व’ ऐवजी ‘अहंता’ म्हटलं की शक्तीशी, लक्ष्मीशी तिचं नातं भाषेतच जुळून येतं. विष्णू ‘अहम्’, लक्ष्मी त्याची ‘अहंता’: सूर्य आणि त्याची प्रभा यांच्यासारखी वेगळी न काढता येणारी जोडी. नपुंसकलिंगी शब्दाने हे साधलं नसतं.

आता मराठी प्रतिशब्द. इथे आपल्या भाषेत एक सोय आहे, तिचा वापर फार कमी होतो. ‘पण’ आणि ‘पणा’ या दोन प्रत्ययांत फरक आहे. मोठेपण ही स्थिती, मोठेपणा बहुधा मिरवण्याकडे झुकतो. ‘शहाणपण आलं’ हे कौतुक, ‘शहाणपणा करू नकोस’ ही तंबी. हा नियम सगळीकडे काटेकोर चालत नाही, पण ‘मी’च्या बाबतीत चालतो. मीपण म्हणजे मी असणं. मीपणा म्हणजे तो मी पुढे पुढे करणं. म्हणून माझं मत असं: शैव ग्रंथांतल्या अहंतेला ‘मीपण’ म्हणावं, ‘मीपणा’ कधीही नाही. ‘पूर्ण मीपण’ वाचताना अर्थ लागतो. ‘पूर्ण मीपणा’ वाचताना एखादा उद्दाम माणूस डोळ्यांपुढे येतो. रामदासांच्या श्लोकात मात्र दोन्ही चालतात, आणि ‘शोधूनि पाहें’ म्हटल्यावर मला तिथेही ‘मीपण’च जवळचं वाटतं. गर्व शोधावा लागत नाही, तो दिसतोच.

या श्लोकाबद्दल एक गोष्ट जाता जाता. मनाचे श्लोक भुजंगप्रयातात आहेत: प्रत्येक चरणात १२ अक्षरं, चार य-गण, म्हणजे लघु-गुरु-गुरु चार वेळा. ‘अहंता’ हा शब्द म्हणजे नेमका एक य-गण. अ लघु, हं गुरु, ता गुरु. याउलट ‘ममता’त सुरुवातीला दोन लघु लागोपाठ येतात आणि या वृत्तात दोन लघु शेजारी कधीच येत नाहीत. तो शब्द इथे जसाच्या तसा बसूच शकत नाही.

अहंता आणि अहंकार यांतली गल्लत सर्वांत सामान्य. अहंकारात ‘कृ’ धातू आहे, ‘मी’ करणं. सांख्यकारिकेत (२४) ‘अभिमानोऽहङ्कारः’ अशी त्याची व्याख्या आहे, आणि तिथला ‘अभिमान’ही गर्व नव्हे, ‘हे माझ्याकडे आहे, हे मी करतो’ असं प्रत्येक अनुभवावर स्वतःचं नाव लावण्याची क्रिया. सांख्यांत अहंकार हे एक तत्त्व आहे, त्यातून ११ इंद्रियं आणि ५ तन्मात्रा (शब्द, स्पर्श वगैरेंची सूक्ष्म रूपं) निघतात. म्हणजे ते एक यंत्र आहे. काश्मिरी शैवांनी सांख्यांची २५ तत्त्वं घेतली आणि वर ११ जोडून ३६ केली. त्यांच्या यादीत बुद्धी, अहंकार आणि मन ही तिघं वरून १४ ते १६ या जागांवर येतात. अहंता मात्र पहिल्या तत्त्वापासूनच आहे. एकाच शब्दाने दोघांचा अनुवाद केला की सबंध मांडणी उलटी होते.

अस्मितेचं थोडक्यात. योगसूत्र २.६: ‘दृग्दर्शनशक्त्योरेकात्मतेवास्मिता’. पाहणारा आणि पाहण्याचं साधन (बुद्धी) ही दोन जणू एकच आहेत असं वाटणं, ती अस्मिता. यातला ‘इव’, म्हणजे ‘जणू’, अनुवादात सर्रास गळतो. तो गळला तर दोघं खरोखर एक झाली असा अर्थ होतो, आणि मग वेगळं होण्याचा प्रश्नच उरत नाही. शिवाय १.१७ मध्ये हाच शब्द समाधीच्या एका उंच टप्प्याचं नाव आहे. क्लेश आणि समाधी दोन्हीकडे ‘अहंकार’ लिहून मोकळं होणारे अनुवाद वाचकाला फसवतात.

आता मुख्य प्रांत, काश्मीर. हा विचार आपल्याला परका नाही. ज्ञानेश्वर अमृतानुभवाच्या तिसऱ्या प्रकरणात शिवसूत्रांचं नाव घेऊन ‘ज्ञान बंधु ऐसें’ म्हणतात. ते ‘ज्ञानं बन्धः’ हे शिवसूत्रच आहे.

दहाव्या शतकातल्या उत्पलदेवांचा ईश्वरप्रत्यभिज्ञाकारिका हा ग्रंथ घ्या. त्यांचा मुद्दा (१.६.१) असा: शुद्ध ‘अहम्’ची जाणीव हा विकल्प नव्हे. विकल्प म्हणजे निवड. ‘हा घडा’ असं ठरवताना ‘घडा नसलेलं’ सगळं आपण बाजूला सारतो, म्हणून तिथे दोन पक्ष लागतात. पण जाणिवेच्या प्रकाशाला विरुद्ध पक्ष कोणता? ‘अप्रकाश’ म्हणून काही दिसायचं झालं तरी ते प्रकाशातच दिसणार. म्हणजे बाजूला सारायला काही उरतच नाही, आणि निवड होत नाही.

लगेच पुढे (१.६.४–५) ते दुसरी बाजू सांगतात, आणि माझ्या मते अहंतेवरचं सगळ्यांत उपयोगी विवेचन हेच आहे. मर्यादित ‘मी’ चार ठिकाणी मुक्काम करतो: देह, प्राण, बुद्धी आणि शून्य. ‘मी बारीक झालो’ हा देहावरचा मी. ‘मी भुकेला आहे’ हा प्राणावरचा. ‘मी सुखी आहे’ हा बुद्धीवरचा. गाढ झोपेतून उठून ‘मला काहीच कळलं नाही’ म्हणतो तो शून्यावरचा. या चारही ठिकाणी ‘मी हा, तो नव्हे’ अशी निवड आहे, म्हणून हे चारही विकल्प. चौथा सगळ्यांत फसवा. देह, प्राण, मन सगळं ‘हे मी नव्हे’ म्हणून बाजूला टाकलं की जी रिकामी जागा उरते तिलाच लोक आत्मा समजतात. उत्पलदेवांच्या हिशेबी ती रिकामी जागाही एक वस्तूच, आकाशासारखी कल्पिलेली, आणि तिच्यावर बसलेली अहंताही तितकीच तोकडी.

अहंतेची जोडीदारीण इथे ममता नसते, ‘इदंता’ असते: ‘हे’पण. दोघींच्या तोलावर वरची तत्त्वं मांडली आहेत. शिवात केवळ अहम्. सदाशिवात ‘अहमिदम्’, पण इदम् अजून पुसट, चित्र नुकतं उमटू लागावं तसं. ईश्वरात ‘इदमहम्’, इदम् आता स्पष्ट. शुद्धविद्येत दोन्ही सारख्या वजनाची. उत्पलदेवांच्या ग्रंथाचे टीकाकार अभिनवगुप्त तराजूच्या समतोल पारड्यांची उपमा देतात. त्याखाली माया येते आणि अहम् एकीकडे, इदम् दुसरीकडे असे तुकडे पडतात.

आता हे पाहा. शंकराचार्य ब्रह्मसूत्रभाष्याच्या अगदी आरंभी अध्यास, म्हणजे एकावर दुसऱ्याचा आरोप करण्याची चूक, सांगताना ‘अहमिदं ममेदम्’ असा लोकव्यवहार नोंदवतात. तिथे ‘अहमिदम्’ ही मूळ चूक आहे. आणि शैवांकडे ‘अहमिदम्’ हे सदाशिवाचं ज्ञान आहे. शब्द तेच दोन! फरक ‘इदम्’मध्ये आहे. शंकराचार्यांच्या वाक्यात इदम् म्हणजे हा एवढा देह. सदाशिवाच्या वाक्यात इदम् म्हणजे झाडून सगळं विश्व, एक कणही बाहेर न ठेवता. हीच ‘पूर्ण’ या विशेषणाची किंमत. पूर्णाहंता म्हणजे फुगलेला मी नव्हे. ज्याच्याबाहेर ‘तो’ म्हणायला कुणी शिल्लक नाही असा मी.

अभिनवगुप्त हे वर्णमालेवरही बसवतात. अ हे पहिलं अक्षर, अनुत्तर (ज्याच्यापलीकडे काही नाही असा) शिव. ह हे शेवटचं, शक्तीचं. वरचा बिंदू दोघांचं ऐक्य. पाणिनीच्या अच्, हल् सारखा हा प्रत्याहार, म्हणजे दोन टोकं सांगून मधलं सगळं घेणारा संक्षेप: अ ते ह यांत सगळे वर्ण आले, म्हणजे सगळं वाच्य विश्व आलं. आपल्या शाळेतल्या तक्त्यात ह नंतर ळ, क्ष, ज्ञ येतात, त्यामुळे हे जुळत नाही असं वाटतं. संस्कृत क्रमाने मोजावं. तिथे ह हा शेवटचा साधा वर्ण, आणि क्ष जोडाक्षर म्हणून वेगळा धरतात.

मराठी वाचकाला आणखी काही ओळखीचे शब्द पाय घसरवतात. अभिनवगुप्तांचा शिष्य क्षेमराज याच्या प्रत्यभिज्ञाहृदयात २० सूत्रं आहेत आणि शेवटच्यात ‘पूर्णाहन्तावेशात्’ असं पद आहे. ‘आवेश’ म्हणजे आपल्याकडे त्वेष; इथे आत शिरणं, भरून जाणं. ‘समावेश’ म्हणजे यादीत नाव घालणं नव्हे, तोच विलय. ‘विमर्श’ म्हणजे सल्लामसलत नव्हे. प्रकाशाला स्वतःची असलेली जाण. क्षेमराज सांगतो, विमर्श नसता तर प्रकाश जडच ठरला असता. स्फटिकातही प्रतिबिंब पडतं, पण त्याला ‘मी’ म्हणता येत नाही. हा ‘मी’ म्हणता येणं म्हणजेच अहंता.

म्हणून एखाद्या ओळीत अहंता भेटली की आधी तिची जोडी पाहावी. ममता असेल तर वेदान्ताची किंवा भक्तीची वाट, अर्थ बंधनाकडे. इदंता असेल तर शैव. मग विशेषण: पूर्ण, पर, अकृत्रिम एका बाजूला, देह, परिमित दुसऱ्या बाजूला. शेवटी क्रियापद: गळणं, जाणं, सोडणं की विश्रांती, आवेश. विशेषणही नाही, जोडीही नाही अशी एकटी अहंता आली तर ग्रंथ कोणत्या संप्रदायाचा आहे ते पाहिल्याशिवाय अर्थ ठरवू नये.

छापील पोथ्यांत हा शब्द ‘अहंता’ आणि ‘अहन्ता’ असा दोन्ही प्रकारे येतो, त्यामुळे सूचीत किंवा संगणकावर शोधताना दोन्ही रूपं टाकावीत, आणि समासात आधी ‘पूर्ण’ किंवा ‘पर’ असेल तर आरंभीचा अ संधीत मिसळून जातो: पूर्णाहन्ता, पराहन्ता. तेव्हा नुसतं ‘हन्ता’ शोधलं तर जास्त सापडतं, मात्र त्यात ‘मारणारा’ या अर्थाचा हन्ता, शत्रुहंतामधला, तोही येणार. तो हाताने वेगळा काढावा लागतो.