पूर ओसरला, चिरे ओलेच

रत्नागिरीत माझं मोटर रिवाइंडिंगचं दुकान आहे, जोडीला पंप भाड्याने देतो. मे महिन्यात विहिरी उपसायच्या, पावसात बांधकामाच्या खड्ड्यातलं पाणी काढायचं आणि बाकी वर्षभर लोकांच्या जळक्या मोटरी. त्यामुळे 22 जुलै 2021ला चिपळूण बुडालं तसे मला धडाधड फोन सुरू झाले. गंमत म्हणजे त्यातला एकही चिपळूणातून नव्हता, तिथले मोबाईल, लाईट सगळंच बंद. फोन मुंबई-पुण्यातल्या मुलांचे, आईवडील माडीवर अडकलेत, पंप किती आहेत, कधी पोचताय, भाडं काय असेल ते सांगा.

पंप होते, पण मी प्रत्येकाला हेच सांगत होतो की अहो पाणी जाईल, वाशिष्ठी नदीचं पाणी जसं येतं तसं जातं पण. वरून पाऊस आणि खालून दाभोळच्या खाडीची भरती असं दोन्हीकडून दाबलं की ते गावात शिरतं, भरती उतरली पाऊस कमी झाला की निघतं. (कोळकेवाडी धरणातून सोडलेल्या पाण्याने किती आणि पावसाने किती, हा वाद चिपळुणात कुठल्याही चहाच्या टपरीवर अजून रंगतो, मी त्यात पडत नाही.) खरी भानगड मागे जे राहतं त्याची असते.

वाशिष्ठीचा पूल खचल्यामुळे मुंबईकडून येणाऱ्यांचे हाल होते पण आम्ही दक्षिणेकडून, संगमेश्वर सावर्डे करत पोचलो. टेम्पोत तीन इंची पेट्रोल पंप, एक मड पंप, होज, जनरेटर, मेगर (वायरींचं इन्सुलेशन तपासायचं मीटर), गमबूट आणि दुकानातला पोरगा. बाजारपेठेत शिरलो आणि पहिला वास आला तो डिझेल, कुजलेलं धान्य आणि गटार यांचा एकत्र, तो आठवला की अजून मळमळतं. चिखल म्हणजे आपला शेतातला चिखल नव्हे, बारीक गाळ, साबणासारखा बुळबुळीत, आणि सगळ्यावर एकसारखा फासलेला. कपड्याच्या दुकानांबाहेर साड्यांचे ढीग, कुठली पैठणी आणि कुठला पोतेरा ते कळायला मार्ग नाही.

पंपांना काम मिळालंच, लिफ्टचे खड्डे, जमिनीखालच्या टाक्या, एक दोन तळघरातली गोडाऊनं. गाळाच्या पाण्यात फुटव्हॉल्व, म्हणजे पंपाच्या पाण्यातल्या पाईपच्या टोकाची झडप, मिनिटामिनिटाला चोंदतो, मग आम्ही एका प्लास्टिकच्या बादलीला भोकं पाडून त्यात फुटव्हॉल्व ठेवतो आणि बाहेरून गोणपाट गुंडाळतो, हा आमचा देशी जुगाड, कुठल्या कॅटलॉगात मिळणार नाही. एका बिल्डिंगमध्ये पब्लिक पंपच उचलून तळघरात न्यायला निघालं होतं, लवकर खेचेल म्हणून. मी आडवाच पडलो. पेट्रोल इंजिन बंद जागेत लावलं की धुरातला कार्बन मोनॉक्साईड वासही न देता माणूस झोपवतो. इंजिन बाहेर, फक्त पाईप आत. आणि तळघर एका दमात रिकामं करायचं नाही हेही सांगावं लागलं, बाहेरची जमीन पाण्याने तुडुंब असते, आतलं पाणी अचानक काढलं की बाहेरचा दाब भिंतीवर येतो आणि भिंत आत येऊ शकते. थोडं काढा, थांबा, बघा, परत काढा. लोकांना हा वेळकाढूपणा वाटतो, भाडं तासावर असल्यामुळे जास्तच वाटतो.

पण मला सांगायचंय ते एका घराबद्दल.

बाजारपेठेच्या मागच्या बाजूला, शिव नदीपासून फार लांब नाही, जुनं चिऱ्याचं, म्हणजे जांभ्या दगडाचं, कौलारू घर. मुलाने मुंबईहून फोन करून पाठवलेलं. काका-काकू दोघंच राहतात, पुराची रात्र माडीवर काढलेली. खाली पाण्याची खूण दरवाज्याच्या चौकटीच्याही वर वीतभर. 2005च्या पुरानंतर यांनी मीटर आणि बोर्ड त्या वेळच्या खुणेच्या वर घेतलेले, यंदा पाणी त्याच्याही वर गेलं. फ्रीज तरंगत तरंगत जाऊन जिन्यात आडवा बसलेला, त्याच्या वरून ओलांडून काकू खाली आल्या आणि पहिलं वाक्य काय, "मेस्त्री, चहा देऊ शकत नाही हो तुम्हाला."

घरात घोट्याच्या वर गाळ होता आणि तो तसाच ठेवलेला, कारण कोणीतरी सांगितलेलं की पंचनामा झाल्याशिवाय काही हलवायचं नाही. ही अडचण त्या आठवड्यात घरोघरी होती. गाळ ओला आहे तोवर फावड्याने आणि वायपरने निघतो, एकदा सुकला की सिमेंट, मग लाद्यांसकट खरवडा. मी म्हटलं काका, मोबाईलवर फोटो काढा, प्रत्येक खोलीचे, पाण्याच्या खुणेशेजारी टेप धरून, वस्तूंची यादी करा आणि मग हलवा. काका म्हणाले मोबाईल पण त्यातच आहे. शेवटी आमच्या पोराच्या फोनवर काढले.

धुवायला पाणी कुठलं? नळ बंद. गावभर पुराने घाण केलेली आणि ती धुवायला बादलीभर पाणी नाही अशी अवस्था. परसात त्यांची विहीर होती, पुराचं पाणी आत गेलेलं, पाणी चहाच्या रंगाचं. पण पहिल्या धुण्याला चालतं की. पंप तिथे लावला, होज घरात घेतला आणि वरून खाली, आतून बाहेर असं धुवायला घेतलं. विहीर मात्र तळ लागेपर्यंत उपसू दिली नाही, शेजारचे लोक आग्रह करत होते की एकदाच रिकामी करा म्हणजे स्वच्छ होईल. भोवतालची माती एवढी भिजलेली असताना पाणी झपकन खाली नेलं तर विहिरीची बांधणी ढासळायची. पाणी जरा निवळू दे, मग बेतानं उपसा आणि मग टीसीएल, म्हणजे ब्लीचिंग पावडर. हजार लिटरला अडीच ग्रॅम हे नेहमीचं माप, पुरानंतर ते पुरत नाही, ते आरोग्यवाल्यांकडून तपासूनच टाका, पिऊ तर नकाच. लेप्टोच्या, म्हणजे घाण पाण्यातून जखमेवाटे शिरणाऱ्या तापाच्या, भीतीने डॉक्सीच्या गोळ्या वाटत होते, काकांच्या पायाला जखम, तरी ते अनवाणीच फिरत होते, काकूंनी ओरडून ओरडून माझे जादाचे गमबूट त्यांच्या पायात घातले.

मग लाईट. मेन बंद असल्याची खात्री करून माजघरातला स्विचबोर्ड खोलला आणि भिंतीतल्या पाईपमधून पाणी यायला लागलं. थेंब थेंब नाही, बारीक धार, आणि थांबेचना. पाईप भिंतीत वरपर्यंत गेलेला, तेवढं सगळं पाणी त्यात उभं. धारेबरोबर गाळ, त्यात एक मेलेली गोम. काकू बघत होत्या, म्हणाल्या म्हणजे लाईट आली असती आणि मी बटण दाबलं असतं तर? मी काही बोललो नाही. खालच्या मजल्याच्या सगळ्या वायरी ओढून काढल्या, पाईपांत ब्लोअर मारला, आणि माडीचं सर्किट वेगळं करून मेगर लावून बघितलं, ते चांगलं निघालं, एक मेगोहमच्या बरंच वर. म्हणजे सप्लाय आला की निदान वर दिवा-पंखा. खालचं नवीन वायरिंग भिंती सुकल्यावरच. मिक्सर आणि विहिरीची मोटर मी दुकानात नेली, साफ पाण्याने धुऊन बल्बच्या उबेने सुकवायच्या पेटीत ठेवली, दोन्ही चालल्या. फ्रीजचा काही भरवसा दिला नाही.

दरवाजे सागाचे, फुगून चौकटीत गच्च. काकांनी सुतार बोलावलेला, तो रंधा घेऊन तयार. त्यालाही थांबवलं, आत्ता तासलं तर सुकल्यावर दोन बोटं फट पडणार. बिजागरी काढून दरवाजे सावलीत आडवे, खाली रिपा घालून ठेवले. सुतार वैतागला, त्याची मजुरी बुडाली ना.

आणि खरा वाद झाला तो भिंतींवरून. मुलाचा फोन आला, तोवर रेंज येऊन जाऊन होती. म्हणाला दादा, पेंटर बघून ठेवलाय, वॉटरप्रूफ पुट्टी आणि प्लास्टिक पेंट मारून टाकू, गणपतीच्या आत घर चकाचक पाहिजे, 10 सप्टेंबरला चतुर्थी आहे. कोकणात हे वाक्य आलं की पुढे बोलायचं नसतं खरं तर. पण मी म्हटलं नको. चिरा म्हणजे भोकाभोकांचा दगड, चहात बुडवलेल्या बटरसारखा पाणी ओढतो, आणि यांच्या चिऱ्यांवर नव्वदच्या सुमाराला कुणीतरी आतून-बाहेरून सिमेंटचं प्लास्टर मारलेलं. पाणी आत गेलंय आणि त्याला बाहेर यायला वाट नाही, त्यावर तुम्ही प्लास्टिक पेंटची पिशवी चढवणार. दिवाळीपर्यंत फोड येतील, लोणा (क्षाराची पांढरी पूड) लागेल, बुरशीचा वास येईल, पैसे गेले.

तो म्हणाला पण भिंत तर सुकी दिसतेय व्हिडिओ कॉलवर. खरंय, वरून दिसतच होती, पंखे लावून पृष्ठभाग दोन दिवसात पांढरा पडतो. मग पुढच्या खेपेला मी हातभर प्लास्टिकचा कागद माजघराच्या भिंतीला चारी बाजूंनी चिकटपट्टीने सीलबंद चिकटवला आणि सांगितलं उद्या सकाळी बघा. सकाळी काकूंचाच फोन. कागदाच्या आतल्या बाजूला थेंबच थेंब, खाली ओघळ आलेला. त्यांनी तो कागद सोडवला नाही, शेजारणींना बोलावून दाखवला, मग मुलाला दाखवला, आणि पेंटर रद्द झाला. माझ्या अर्ध्या तासाच्या भाषणाने जे झालं नाही ते कागदाने केलं.

कमरेच्या खालचं सिमेंट प्लास्टर आतल्या बाजूने फोडून काढलं, चिरे उघडे केले. काकांना ते बघवेना, घर सोलून ठेवलंय असं म्हणायचे. आता सुकवायचं कसं? लोक म्हणतात खिडक्या उघड्या ठेवा. बरोबर आहे, हिवाळ्यात. कोकणात श्रावणात बाहेरचीच हवा नव्वद टक्के दमट, ती आत घेऊन काय सुकवणार, उघडीप पडली तेवढा वेळ खिडक्या उघडायच्या, पाऊस लागला की बंद. लाईट सुरळीत झाल्यावर मुंबईहून भाड्याने एक डीह्युमिडिफायर, म्हणजे हवेतला दमटपणा ओढून पाणी करणारं मशीन, मागवला, माजघराच्या खिडक्या बंद, फटींना फडकी, आत मशीन आणि भिंतीवर तिरका वारा मारणारे दोन पंखे. मशीनची टाकी रात्रीत भरायची. काकू रोज ती ओतायच्या आधी काकांना बोलावून दाखवायच्या, हे बघा एवढं होतं भिंतीत. भाडं आणि लाईटबिल दोन्ही जबर, म्हणून एकाच खोलीला, बाकीच्या खोल्यांना पंखे आणि वेळ. मशीन लावलं म्हणून चिरा आठवड्यात सुकतो असंही नाही, नऊ इंची भिंतीला महिने लागतात, हे त्यांना आधीच सांगितलेलं. बिल बघून मुलाने कुरकुर केली, मग दिलं.

राहिला गणपती. माजघरातल्या कोनाड्याशेजारी त्यांचा मखर, पिढ्यान् पिढ्या जागा तीच. काकांचं म्हणणं जागा हलवायची नाही. काकूंचं म्हणणं जिन्यात फ्रीज अडकला तेव्हा मी देवाला सांगितलं होतं वरच ये बाबा, तर यंदा वर. दोन दिवस घरात अबोला. शेवटी गुरुजींना विचारलं, ते म्हणाले अडचणीच्या वेळी चालतं, आणि त्या वर्षी गणपती माडीवर बसले. खाली माजघरात उघड्या चिऱ्यांवर नुसता चुना मारला, कारण चुन्यातून भिंत श्वास घेते आणि दिसायलाही स्वच्छ. मी आरतीला गेलो होतो, काका मला बघून म्हणाले, या, भिंतफोडे मेस्त्री आले.

शेजारच्या एका घरात पुट्टी-पेंट झाला होता, चतुर्थीला खरंच देखणं दिसत होतं, काकू मला म्हणाल्याही की बघा हो. दिवाळीनंतर परत गेलो तेव्हा तिथे खालचा हातभर पट्टा पापुद्रे सुटून लोंबत होता आणि मला त्याचंही काम मिळालं. काकूंच्या घरात मार्चमध्ये परत कागदाची तीच टेस्ट केली, कोरडा निघाला, मगच वायरिंग आणि चुन्याचं प्लास्टर. चुन्याचं प्लास्टर करणारा गवंडी शोधायला जो काय त्रास झाला, हल्ली सगळ्यांना सिमेंटच येतं, शेवटी गुहागर बाजूचा एक म्हातारा मिळाला, तो स्वतःच्या अटींवर आला आणि दुपारी झोपायचा.

आता खाली फक्त दिवे आणि एक पंखा, त्याच्या वायरी वरून खाली उतरतात, भिंतीत पाईप नाही, बाहेरून पट्टी. खालच्या मजल्याचा एमसीबी (बिघाड झाला की आपोआप पडणारा स्विच) वेगळा, तो माडीवर. मीटर जिथपर्यंत महावितरणवाल्यांनी ऐकलं तिथपर्यंत वर. विहिरीची मोटर सुटी करता येईल अशा कपलिंगवर बसवलीय, चार बोल्ट काढले की काका एकटे वर उचलून नेऊ शकतात, ते मी त्यांच्याकडून करून घेतलंय. 2022मध्ये वाशिष्ठीतला गाळ काढायचं काम झालं, नाम फाउंडेशनची यंत्रंही होती, काका रोज संध्याकाळी काठावर जाऊन किती डंपर गेले ते बघून यायचे आणि मला फोनवर सांगायचे. काकूंचा विश्वास बसलेला नाही. जूनचा पहिला पाऊस झाला की त्यांचा फोन येतो, मेस्त्री तो बादलीवाला फुटव्हॉल्व आमच्यासाठी एक बाजूला काढून ठेवा, भाडं आत्ताच पाठवते.