पिंकसशेठचा बुटांचा महाल

रविवार, रात्र.

जेवण उरकून ‘शूपालास्ट पिंकस’ लावला. १९१६ सालचा जर्मन मूकपट, जेमतेम तासाभराचा. दिग्दर्शक एर्न्स्ट लुबिच, आणि नायक सॅली पिंकसही तोच. तेव्हा वय चोवीस, म्हणून शाळकरी पोराच्या वेशात जरा थोराड दिसतो.

हा सॅली अभ्यासात ढ, कामचुकार, पण तोंडाने पक्का व्यापारी. शाळेतून हाकलला जातो, मग बुटांच्या दुकानात चिकटतो. एक गिऱ्हाईक बाई आपलं पाऊल लहानच आहे म्हणून हटून बसते. हा पठ्ठ्या वाद घालतच नाही. बुटाच्या तळव्यावरचा नंबरच बदलून टाकतो. माप तेच, आकडा छोटा, बाई खूश! ही युक्ती गल्ल्याच्या मागे उभं राहिलेल्यालाच सुचते. लुबिचचे वडील बर्लिनमध्ये बायकांचे कोट शिवून विकायचे आणि हा दिवसा त्यांच्याच दुकानात हिशेब लिहायचा, रात्री नाट्यदिग्दर्शक माक्स राइनहार्टच्या नाटकांत छोटी कामं करायचा.

त्या काळी बर्लिनच्या तयार कपड्यांचा धंदा हाउसफोग्टायप्लाट्झ या चौकाच्या आसपास एकवटलेला होता. बरेचसे मालक ज्यू. १९३३ नंतर नाझींनी त्यांची दुकानं बळकावली, माणसं देशोधडीला लावली, पुढे कित्येकांना मारलं. हे ठाऊक असल्यामुळे सॅलीचा लोचटपणा बघताना मी मध्येच अवघडले. ज्यू व्यापाऱ्याचं ठरीव सोंगच ते. पण लुबिच स्वतः त्यातलाच, आणि हसू येतं ते सॅलीपेक्षा त्याच्या गोडबोलेपणाला भुलणाऱ्यांचं जास्त.

शेवटी नर्तकी मेलिटाच्या पैशांवर त्याचा बुटांचा महाल उभा राहतो आणि तिथे चक्क बुटांचा फॅशन शो! हे जूनमध्ये पडद्यावर आलं तेव्हा पहिल्या महायुद्धातली व्हर्दूनची लढाई चालू होती. चामडं लष्कराकडे जात होतं, आणि त्याच उन्हाळ्यात कपड्यालत्त्यावर परवाने आले. थिएटरातल्या बायका त्या बुटांकडे कशा बघत असतील? गोष्टीपेक्षा मला त्यांचंच कुतूहल जास्त वाटलं.

आणि शेवट तर अस्सल दुकानदारी. कर्ज फेडायची वेळ येते तर हा मेलिटाला थेट लग्नाची मागणी घालतो, म्हणजे पैसा घरातल्या घरात राहील. प्रेमाची कबुली म्हणावी की खतावणीतली नोंद? मला तर फार आवडली.